वृत्ती सुटल्यानंतर : नेवाशाचा लेखक, देहूचा वाणी आणि ताहाराबादचा कुळकर्णी

मराठी दप्तरांत वतनांच्या विक्रीची खरेदीखते विपुल आढळतात. पाटीलकी, कुळकर्ण, महाजनकी, जोशीपण, सारांश ज्यास म्हणून वृत्ती म्हणत ते सर्व काही प्रसंगी विकले जाई. या कागदांचा साचा ठरलेला असे. आरंभी शक, संवत्सर व तिथी. नंतर घेणाराचे व देणाराचे नाव. नंतर विकण्याचे कारण. कारण बहुधा कर्ज, सरकारदेण्याची थकबाकी किंवा दुष्काळ यांपैकीच एक असावयाचे. यापुढे वतनाचे हक्क व मानपान तपशिलाने येत. अर्धेच वतन विकले असेल तर शिरपाव प्रथम कोणी घ्यावा, विडा प्रथम कोणास द्यावा, होळीची पोळी कोणाची आधी, हेही कागदात उतरे. आपण हे वतन ‘आत्मसंतोषे’ दिले असे विकणारा लिहून देई, आणि घेणाराने ते ‘लेकराचे लेकरी’ उपभोगावे, असे म्हणून कागद संपे.

या कागदांवरून गावगाड्याचा इतिहास पुष्कळ सिद्ध झाला. परंतु एका प्रश्नाविषयी ते सर्वस्वी मुके आहेत. वृत्ती घेणारा पुढे काय करी हे कळते, कारण त्याचे नाव पुढच्या कागदांत येत राहते. विकणारा मात्र खरेदीखतावर निशाणी करून जो नाहीसा होतो तो होतोच. पिढ्यान्पिढ्यांचे काम हातून गेलेल्या मनुष्याने दुसऱ्या दिवशी सकाळी कशास हात घातला, हे विचारण्याचे दप्तराला प्रयोजन नव्हते. आजच्या इतिहासाभ्यासकाला ते आहे, आणि उत्तरासाठी त्याला दप्तर सोडून संतचरित्रांकडे वळावे लागते. ही साधने निराळ्या जातीची व निराळ्या विश्वासार्हतेची आहेत. तरी व्यवसाय सोडलेल्या माणसाचे उत्तरायुष्य मराठीत प्रथम सांगितले गेले ते तेथेच.

या ठिकाणी दोन शब्दांकडे लक्ष देणे अवश्य आहे. ‘वृत्ती’ म्हणजे उपजीविकेचे साधन आणि ‘वृत्ती’ म्हणजे मनाची ठेवण, हे दोन्ही अर्थ मराठीत शेजारी शेजारी नांदत आले आहेत. जोशीवृत्ती म्हणताना पहिला, चित्तवृत्ती म्हणताना दुसरा. ‘व्यवसाय’ या शब्दाची वाटचाल याहूनही उद्बोधक आहे. संस्कृतात त्याचा मूळचा अर्थ निश्चय, दृढ संकल्प असा असून गीतेच्या दुसऱ्या अध्यायात बुद्धीचे विशेषण सिद्ध करताना तो याच अर्थाने आला आहे. प्राकृत वळणाच्या मराठीत तो ‘वेवसाव’ झाला, आणि तुकोबांच्या काळी त्याचा रूढ अर्थ धंदा, उदीम असा दिसतो. धंद्यास निश्चयाचे नाव मिळाले, यात भाषेने एक गोष्ट नकळत नोंदवून ठेवली आहे. ज्याचा धंदा गेला त्याच्यापाशी शब्दाचा जुना अर्थ शिल्लक राहतो काय, हाच येथील विचाराचा विषय आहे.

आरंभ नेवाशापासून करणे सोयीचे आहे. अहिल्यानगर (पूर्वीच्या अहमदनगर) जिल्ह्यातील प्रवरेच्या काठचे हे गाव. इ. स. १९५४ नंतर डेक्कन कॉलेजचे हसमुख सांकलिया व त्यांचे सहकारी यांनी येथे केलेल्या उत्खननाने अश्मयुगापासून सातवाहन काळापर्यंतचे आणि त्यानंतरचेही थर उजेडात आणले, त्यामुळे पुरातत्त्वाच्या विद्यार्थ्यांना हे नाव परिचित आहेच. मराठी भाषेच्या इतिहासात ते स्मरणात आहे ते शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० या एका वर्षामुळे. त्या वर्षी ज्ञानदेवांनी गीतेवर टीका केली व सच्चिदानंदबाबा तिचे लेखक झाले, असे ज्ञानेश्वरीच्या अखेरच्या ओवीत नमूद आहे.

या ओवीतील ‘लेखकु’ हा शब्द आजच्या वाचकास फसविणारा आहे. अर्वाचीन मराठीत लेखक म्हणजे ग्रंथकर्ता. येथे त्याचा अर्थ लिहून घेणारा, लेखनिक. टीका करणारा एक व लेखक दुसरा, हा भेद ओवीने स्वच्छ राखला आहे. परंपरा असे सांगते की हे सच्चिदानंदबाबा नेवाशाचे कुळकर्णी होते. त्यांचा मृत्यू झाला असता पत्नी सहगमनास निघाली, ज्ञानदेवांच्या आशीर्वादाने ते पुन्हा उठले आणि पुढील आयुष्य त्यांनी या टीकेच्या लेखनास वाहिले. यातील चमत्काराचा भाग इतिहासाच्या कक्षेबाहेरचा म्हणून बाजूस ठेवावा. कुळकर्णाविषयीही सावधगिरी हवी. सतराव्या-अठराव्या शतकांतील कागदांवरून कुळकर्णवतनाचे जे चित्र आपल्या डोळ्यांसमोर उभे राहते ते जसेच्या तसे रामचंद्र यादवाच्या काळावर लादता येणार नाही. इतके मात्र निश्चित की परंपरेला या माणसाचा पूर्वीचा धंदा सांगावासा वाटला, आणि तो तिने हिशेब व दस्तऐवज लिहिण्याचा सांगितला. नांगर हाकणारा किंवा पूजा सांगणारा तिने त्याला केले नाही.

असे का झाले असावे याचा माग ग्रंथाच्या शेवटच्या भागात लागतो. पसायदानानंतरच्या ओव्या सहसा भक्तिभावाने वाचल्या जातात. त्या दस्तऐवज म्हणून वाचून पाहण्याजोग्या आहेत. तेथे प्रथम युग सांगितले आहे, मग महाराष्ट्र मंडळ, मग गोदावरीचा तीर, मग पंचक्रोशीचे क्षेत्र व तेथील देवता श्रीमहालया, मग राज्य करणाऱ्या यादव राजाचे नाव, मग कर्त्याची गुरुपरंपरा व कृती, आणि सर्वांच्या शेवटी शक व लेखकाचे नाव. गाव प्रवरेवर असता गोदावरीचा निर्देश व्हावा हेही पंचक्रोशीच्या कल्पनेने उलगडते. प्रवरा व गोदा यांचा संगम याच परिसरात आहे. काळ, स्थळ, राजा, कर्ता, लेखक ही सामग्री त्या काळच्या दानलेखांची आहे. भक्तिग्रंथाने राजाचे नाव घेण्याचे तसे काही कारण नव्हते. दस्तऐवजाने घेणे मात्र क्रमप्राप्त असते.

शेवटची ओवी कोणाची, हा वाद येथे सोडविता येण्यासारखा नाही. तीत ज्ञानदेवांचा उल्लेख तृतीयपुरुषी आहे, म्हणून ती लेखकाची असावी असे म्हणावे, तर स्वतःच्या नावापुढे ‘बाबा’ हे आदरार्थी पद तो लावील काय, ही शंका उरते. ‘बाबा’ हे नावाचाच भाग मानले तर शंका मिटते. न मानले तर ओवी दुसऱ्या कोणाच्या हातची ठरते. कसेही असले तरी ग्रंथ ज्याने लिहून घेतला त्याचे नाव ग्रंथात राहिले पाहिजे असे तिच्या कर्त्याला वाटले, आणि तो लेखक कसा झाला हे सांगण्यासाठी त्याने ‘आदरे’ हे तृतीयान्त क्रियाविशेषण योजले. खरेदीखतातील ‘आत्मसंतोषे’ त्याच घडणीचे आहे. दोहोंतही कर्म स्वखुशीचे आहे ही ग्वाही आहे. एकात हातचे काम देताना, दुसऱ्यात नवे काम घेताना. खरेदीखतातील संतोष पुष्कळदा कर्जापोटीचा असे, हे वेगळे सांगावयास नको.

नेवाशास ज्या खांबाला टेकून ज्ञानदेवांनी टीका सांगितली असे मानतात, त्या ‘पैसाच्या खांबा’वर एक संस्कृत लेख कोरलेला आहे. भाविक त्या खांबास वंदन करतात. त्यावर काय लिहिले आहे हे थोडेच वाचतात. लेख आहे तो करवीरेश्वराच्या अखंड दिव्याच्या तेलासाठी दरमहाच्या नेमणुकीचा. म्हणजे जुनी नेमणूक पुढे चालू ठेवण्याचा हा एक व्यवहारी कागदच, फक्त दगडावरचा. दात्याने दिलेले पुढच्याने मोडू नये म्हणून ते लिहून ठेवावे, ही दृष्टी त्या गावात आधीच होती. लेखनिकाची लेखणी जेव्हा गीतेच्या टीकेकडे वळली तेव्हा ती दृष्टी तिच्याबरोबर गेली. मूळ प्रत आज उपलब्ध नाही. तीन शतकांत नकलाकारांनी पाठ इतके बिघडविले की शके १५०६ (इ. स. १५८४) मध्ये एकनाथांना प्रती ताडून संहिता शुद्ध करावी लागली. एका लेखनिकाने आरंभिलेले काम असे दुसऱ्यांच्या हाती दीर्घकाळ चालत राहिले.

नेवाशाचा प्रसंग परंपरेच्या धुक्यात आहे. देहूचा तसा नाही, कारण तेथे स्वतः व्यवसाय सोडणारा बोलतो. तुकोबांचे घराणे पेठेची महाजनकी सांभाळणारे व वाण्याचा उदीम करणारे. थोरले बंधू सावजी विरक्त होऊन तीर्थयात्रेस निघून गेले, आईबाप गेले, आणि प्रपंचाचा व दुकानाचा भार मधल्या मुलावर आला. इ. स. १६३०-३१ च्या दुष्काळात धंदा बुडाला. पहिली पत्नी अन्नावाचून गेली, मुलगाही गेला. आत्मचरित्रपर अभंगांत हे सर्व त्यांनी फारसे पाल्हाळ न लावता सांगितले आहे: जातीने शूद्र, वेवसाव वैश्याचा, देव कुळाचा पूज्य, दुष्काळाने पैसा व मान दोन्ही नेले, व्यवसायात तोटा पाहून जीव विटला. एके ठिकाणी तर दिवाळे निघाले हे बरेच झाले, असे त्यांनी देवाला बजाविले आहे. या उद्गाराचा अर्थ लावताना घाई होते. दिवाळ्याच्या दिवशीच ते बरे वाटले असे त्यात कोठेही नाही. ते मागे वळून पाहणाऱ्याचे वाक्य आहे. मधली वर्षे त्यात दडलेली आहेत.

या मधल्या वर्षांत त्यांनी काय केले? प्रथम पडके देऊळ दुरुस्त केले. आरंभी अभ्यासाकडे चित्त लागत नव्हते, म्हणून संतांची वचने पाठ केली. कीर्तनात पुढे गाणाऱ्याचे पालुपद धरले. ही सर्व दुय्यम कामे आहेत. मोडके सांधणे, दुसऱ्याचे शब्द घोकणे, दुसऱ्याच्या मागे उभे राहून म्हणणे. आपले स्वतःचे असे कवित्व पुढे आले, तेही नामदेवांनी स्वप्नात येऊन काम नेमून दिले अशा भाषेत त्यांनी सांगितले आहे. दुकानाचा धनी असलेला मनुष्य नव्या कामात एकदम धनी झाला नाही. प्रथम तो उमेदवार झाला. चरित्रकार इंद्रायणीच्या काठच्या चमत्कारांवर जितकी पाने खर्च करतात तितकी या उमेदवारीवर करीत नाहीत, ही खेदाची गोष्ट आहे.

विक्रीशी निकटचा प्रसंग म्हणजे कर्जखतांचा. लोकांकडून येणे असलेल्या रकमांची खते तुकोबांनी इंद्रायणीत बुडविली, ही कथा सर्वश्रुत आहे. महिपतीने सांगितलेला तिचा तपशील मात्र पुष्कळांच्या लक्षात राहत नाही. खते सरसकट बुडविली नाहीत. धाकटा भाऊ कान्होबा याच्याशी वाटणी झाली. निम्मी खते त्याच्या हिश्श्याची म्हणून त्याला दिली, आणि आपल्या निम्म्या हिश्श्याचीच नदीत सोडली. धर्म आणि व्यवहार दोन्ही येथे सांभाळलेले आहेत. वाणी असल्यावाचून ही गोष्ट अशी घडली नसती. केवळ विरक्ताने भावाचा भाग मोजून वेगळा काढला नसता.

वाणीपण पुढे कवितेतही टिकले. भांडवल, मुद्दल, माप, हुंडी, खत, दिवाळे हे शब्द गाथेत अलंकार म्हणून आलेले नाहीत. ते बोलणाऱ्याच्या तोंडी बसलेले आहेत. आणि ज्या वस्तूत ही कविता उतरली तिचे नावही ‘वही’. वाण्याच्या जमाखर्चाला जे नाव तेच अभंगांच्या संग्रहाला. या वह्या लिहिणाऱ्यांत चाकणचे संताजी जगनाडे होते. जातीने व धंद्याने तेली. त्यांच्या वह्यांच्या आधारे वि. ल. भावे यांनी इ. स. १९१९-२० च्या सुमारास तुकोबांचा ‘अस्सल गाथा’ छापला. त्यातील लेखन पंडिती पोथीच्या शुद्धलेखनाहून वेगळे, मावळातील उच्चाराला जवळचे आहे, म्हणून भाषाभ्यासकाला त्याचे मोल अधिक. नेवाशास टीकाकार व लेखक ही जोडी होती. देहूस वाणी व तेली यांची झाली. दोन्ही ठिकाणी, लेखणी हाती धरणारा पाठशाळेतून आलेला नव्हता.

आता प्रश्न असा की ही कथा आपल्याला सांगितली कोणी? इंद्रायणीतील खतांची वाटणी ज्याच्या शब्दांत आपल्यापर्यंत आली तो महिपती (इ. स. १७१५-१७९०) नेवाशाच्या शेजारचाच, राहुरी तालुक्यातील ताहाराबादचा. गावचे कुळकर्ण त्याच्या घराण्यात होते. त्याच्याविषयीची परंपरा अशी: तो पूजेत असता जहागीरदाराच्या कचेरीतून बोलावणे आले, शिपायाने थांबण्याचे नाकारले, महिपती गेला, काम उरकून आला, आणि यापुढे ही लेखणी सरकारी कामास लावावयाची नाही, संतचरित्रांपुरतीच चालवावयाची, असा त्याने निश्चय केला. कथेला आख्यायिकेची छटा आहे. पुढे जे घडले त्याचे ग्रंथ साक्षी आहेत: ‘भक्तविजय’ शके १६८४ (इ. स. १७६२) मध्ये पुरा झाला, ‘भक्तलीलामृत’ शके १६९६ (इ. स. १७७४) मध्ये.

महिपतीला टीकाकारांनी भाबडा म्हटले आहे, आणि चमत्कारांच्या बाबतीत तो आरोप खोडणे कठीण आहे. परंतु त्याच्या ग्रंथांची दुसरी बाजू कुळकर्ण्याची आहे. आपण हे पदरचे सांगत नाही हे तो वारंवार बजावतो, आणि आधार म्हणून नाभाजी व उद्धवचिद्घन यांची नावे घेतो. ग्रंथ संपला की शक आणि स्थळ नोंदतो. कोणाच्या सांगण्यावरून, केव्हा, कोठे, हे तीन प्रश्न कचेरीत मुरलेल्या हाताला सुटत नाहीत. सरकारी लेखणी त्याने खाली ठेवली. तिची शिस्त ठेवली नाही. महाराष्ट्रातील संतांची चरित्रे एकत्र मिळतात ती पुष्कळ अंशी या शिस्तीमुळे.

यातून साधनचिकित्सेचा एक गंभीर मुद्दा निर्माण होतो. व्यवसाय सोडून नव्या कामास लागलेल्या माणसांच्या कथा आपण ज्याच्याकडून घेतो तो स्वतः तसाच मनुष्य आहे. तुकोबांना तो गुरू मानीत असे; त्यांनी स्वप्नात दर्शन दिल्याचे त्याने लिहिले आहे. तेव्हा देहूच्या वाण्याचे चित्र रंगविताना ताहाराबादच्या कुळकर्ण्याचे मन त्यात कितपत मिसळले, हे विचारणे भाग आहे. खतांच्या वाटणीचा तो काटेकोर तपशील तुकोबांचा की महिपतीचा? तुकोबांच्या स्वतःच्या अभंगांवरून दिवाळे, दुष्काळ, देवळाची दुरुस्ती व उमेदवारी एवढे सिद्ध होते. निम्म्या खतांचा हिशेब चरित्रकारावर सोपवावा लागतो. तो खोटा मानण्याचे कारण नाही. मात्र असा हिशेब ज्याला सांगण्याजोगा वाटतो, तो वाटण्यांचे कागद लिहीत आलेल्या घरातला असतो, हे ध्यानात ठेवले पाहिजे.

यामुळे मूळ प्रश्नाचे उत्तर निरुपयोगी होत नाही. उलट त्याला एक साक्षीदार अधिक मिळतो. त्यागाच्या कथा सामान्यतः जुने सर्व टाकून दिल्याच्या म्हणून सांगितल्या जातात. ज्याला हा अनुभव होता त्या महिपतीचे ग्रंथ तसे दाखवीत नाहीत. त्यांत मालकी टाकली जाते, हक्क टाकला जातो, येणे टाकले जाते. कसब जाग्यावर राहते, आणि नव्या कामाचे स्वरूप बहुतांशी तेच ठरविते. कुळकर्णी लिहितो, वाणी मोजतो. बदलते ते एवढेच की लिहिलेले व मोजलेले आता त्याच्या पदरी पडत नाही. वतनाच्या कागदातील ‘लेकराचे लेकरी’ हे पद या नव्या कामाला लागू पडत नाही, आणि घरच्यांची तक्रार नेमकी तेथून सुरू होते.

ती तक्रार नोंदली गेली आहे ती बहुतेक एकाच घरची. तुकोबांची दुसरी पत्नी जिजाई, पुण्याच्या गुळव्यांची मुलगी. कर्कशा म्हणून चरित्रकारांनी तिला पुष्कळ दूषणे दिली. परंतु नवऱ्याने आपल्या हिश्श्याची खते नदीत सोडली तेव्हा बुडाले ते तिच्या मुलांचे धान्य. कान्होबाच्या घरी निम्मी खते शाबूत होती. तुकोबांनी स्वतः तिच्या तोंडचे अभंग रचले आहेत. घरात दाणा नाही, आलेगेले जेवून जातात, टाळ कुटणाऱ्यांनी घर धुऊन नेले, असा त्यांचा आशय. ते विनोदाने वाचण्याची रूढी पडली आहे. त्यांत विनोद आहेच. पण तो मनुष्य बायकोचे म्हणणे शब्दशः ऐकत होता आणि आपल्याच वहीत आपल्याविरुद्ध लिहून घेत होता, हे अधिक महत्त्वाचे आहे.

नेवाशाच्या कथेत असे काही नाही. तेथे आरंभ पत्नीपासूनच होतो. सहगमनास निघालेली ती स्त्री नमस्कार करते, आशीर्वाद मिळतो, नवरा उठून बसतो. त्यानंतर कथा खांबाकडे, टीकेकडे आणि लेखकाकडे वळते. ओवीत लेखकाचे नाव आले. त्याच्या घरचे कुळकर्ण पुढे कोणी चालविले आणि त्या घरात चूल कशावर पेटली, हे खरेदीखताने जसे सांगितले नसते तसे परंपरेनेही सांगितलेले नाही.